डावीकडची झांज

त्या दिवशी सकाळी माझ्या तपासणीच्या खोलीत बसलेले आजोबा तालात बटण दाबायला लागले, आणि मला राग आला.

मी लोकांचे कान तपासते. जाड भिंतींची, काचेची खिडकी असलेली एक छोटी खोली असते. तिच्यात माणसाला बसवायचं, कानांवर हेडफोन चढवायचे, हातात बटण द्यायचं आणि सांगायचं — आवाज आला की दाबा, कितीही बारीक असला तरी दाबा. बाहेर यंत्रापाशी बसून मी एकेक सूर सोडते. कुणाला काय ऐकू येत नाही हे त्याच्याआधी मला कळतं, आणि मग ते त्याला तोंडावर सांगावं लागतं. ते मला जमतं. आईच्या मते तर माझ्या जिभेला हाडच नाही.

तर आजोबा. मी एकही सूर सोडलेला नव्हता आणि ते दाबत होते. धड्... धड्-धड्... धड्. डोळे मिटलेले, मान डोलतेय, पायाचा अंगठासुद्धा ठेका धरून.

मी दार उघडलं. "आजोबा, काय ऐकू येतंय तुम्हाला?"

"ढोल," ते म्हणाले. "चांगला वाजवतोय पोरगा."

म्हातारपणी बारीक आवाज आधी जातात, जाड आवाज मागे राहतात. हा जाड आवाज जमिनीतून, खुर्चीच्या पायांतून त्यांच्यापर्यंत चढत होता. मी भिंतीला हात लावला, तर भिंतही धडधडत होती.

"तळघरात नवीन माणूस आलाय," रिसेप्शनवरच्या मावशींनी माहिती पुरवली. "जुन्या टेपांचं काहीतरी करतो म्हणे. दिसायला बरा आहे."

"मावशी, तो दिसतो कसा ते मी विचारलं नाही."

"मी तरी कुठे तुला सांगितलं? मी आपली आजोबांना सांगत होते."

आजोबांनी तेवढ्यात पुन्हा बटण दाबलं.

मी जिने उतरून खाली गेले. दार वाजवलं. आत तो सगळा गदारोळ चालू असताना कुणाला काय ऐकू येणार? शेवटी ढकलून आत शिरले, आणि आवाजाचा असा लोट अंगावर आला की मी दाराचं हँडल घट्ट धरून ठेवलं. तो पाठमोरा होता. उंच, केस मानेवर गोळा करून बांधलेले. एका लोखंडी पेटीच्या काचेला नाक लावून आत बघत उभा होता.

माझी चाहूल लागली तसा तो वळला, आणि मी कोण, काय हे विचारायच्या आधी त्याने हात लांब करून आवाज कमी केला. हे मला आवडलं. तेव्हा कबूल केलं नाही, एवढंच.

"वरच्या मजल्यावरून आलात का?"

"हो. तुमच्यामुळे आज माझे सगळे पेशंट ठणठणीत निघतायत."

"मग बिघडलं कुठे?"

"त्यांना ऐकू येत नाही म्हणून ते माझ्याकडे येतात."

तो हसला. आधी डोळ्यांनी, मग उरलेल्या चेहऱ्याने. मी हसायचं नाही असं ठरवून आले होते, म्हणून पेटीकडे बोट दाखवलं. "आणि हे काय शिजतंय?"

"टेप भाजतोय."

"भाजताय?"

"चाळीस वर्षं जुनी आहे. ओल धरून चिकट होते. तशीच लावली तर वरचा थर निघून येईल, सगळं गाणं पुसलं जाईल. म्हणून मंद आचेवर दिवसभर ठेवायची. मग ती काही दिवस नीट वाजते, तेवढ्यात उतरवून घ्यायची." तो हे असं सांगत होता, जसं एखादी बाई तान्ह्या बाळाच्या अंघोळीबद्दल सांगते. "हेवी मेटल आहे. तुम्ही ऐकता?"

"मी लोकांना ते ऐकू नका असं सांगते. त्याचा मला पगार मिळतो."

"वरच्या मजल्याला राग फार दिसतो."

"वरचा मजला रिकामा नाही, एवढं लक्षात ठेवा म्हणजे झालं."

शेवटी तह झाला. दिवसा, माझी तपासणी चालू असताना, तो हेडफोन लावून काम करणार. माझं दार बंद झालं की त्याचे स्पीकर चालू. आणि बदल्यात...

"बदल्यात एकदा खाली येऊन ऐकायचं," तो म्हणाला. "पूर्ण. मधे उठायचं नाही."

"हा गोंधळ?"

"हाच गोंधळ."

आपण भीत नाही हे दाखवायला माणूस काय काय करतो. मी हो म्हणाले.

—

संध्याकाळी त्याने मला खोलीच्या मधोमध एका खुर्चीत बसवलं. समोर दोन स्पीकर, माझ्या खांद्याइतके उंच. खुर्ची दोघांपासून सारख्या अंतरावर होती. त्याने चक्क दोरी धरून मापून घेतलं.

"फोनवर ऐकतो ना आपण, ते गाळलेलं असतं," तो म्हणाला. "चाळणीत काय काय राहून जातं. मी इथे टेपवरच्या एका सेकंदाचे दोन लाखांच्या आसपास काप करून ठेवतो. काही राहू नये म्हणून. आता ऐका... आणि घाबरू नका."

"मी कशाला घाबरतेय?"

त्याने एक बटण दाबलं.

आधी काहीच नाही. म्हणजे असं मला वाटलं. मग कळलं की जे येतंय ते काहीच नाही असं नव्हे, ती एक खोली आहे. चाळीस वर्षांपूर्वीची खोली. तिच्यात माणसं उभी होती आणि गप्प होती. कुणाची तरी खुर्ची करकरली. कुणीतरी श्वास घेतला, माझ्या उजव्या हाताला, अगदी हातभर अंतरावर, आणि मी खरोखर तिकडे वळून बघितलं. लाकडावर लाकूड आपटलं. टक, टक, टक, टक.

आणि मग ते आलं.

भांड्यांची मांडणी कोसळावी तसं काहीतरी होणार, अशी माझी तयारी होती. तसं झालं नाही. आवाज मोठा होता, पण त्याहून तो खोल होता. दोन गिटार दोन बाजूंना, प्रत्येकीला आपापली जागा. तारेवर घासणारी नखासारखी पट्टी मला ऐकू येत होती, प्रत्येक घासणं वेगळं. खर्जातली गिटार कानांतून आलीच नाही, ती तळपायांतून चढली. ढोलाचं कातडं काठीखाली आत जातं आणि परत फुगतं, तेसुद्धा ऐकू आलं. पितळी झांजा डावीकडे, उंचावर, पहाटेच्या उजेडासारख्या पसरत होत्या. आणि ज्याच्या गाण्याला मी आजवर किंचाळणं समजत आले होते, तो माणूस सुरात होता. पक्का सुरात. आणि किंचाळण्याआधी तो आवंढा गिळत होता.

मधेच सगळं थांबलं. एकच गिटार राहिली, हळू. वाजवणाऱ्याचं बोट तारेवरून सरकताना बारीकसा चीत्कार व्हायचा, तो मला प्रत्येक वेळी आधी ऐकू यायचा आणि सूर मागून. मला एकदम वाटलं, हा गोंगाट नाही. ही चार काळजी घेणारी माणसं आहेत, आणि त्यांनी जीव ओतून, एकमेकांकडे बघत बघत, हा एवढा मोठा डोंगर रचलाय. इतकी वर्षं मी आवाज मोजते, सूर सोडते, आलेख काढते... आवाजात असं काही राहतं हे मला कुणी सांगितलंच नव्हतं.

संपलं तेव्हा मी हलले नाही. हलता येईना. तो स्पीकरकडे बघत नव्हता, माझ्याकडे बघत होता.

"रडताय?"

"नाही. इथे धूळ फार आहे."

"पुसून घेईन मी उद्या," तो गंभीरपणे म्हणाला, आणि पाण्याचा पेला माझ्या हातात दिला. बोटं लागली. ती मुद्दाम लागली की चुकून, यावर मी घरी जाईपर्यंत विचार केला.

—

मग काय, जिने उतरायची सवयच लागली. माझं दार बंद झालं की मावशी पर्स हातात देऊन म्हणायच्या, "जा, तळघर वाट बघतंय." कधी तो टेपवरची ठिणगीएवढी खरखर काढत बसायचा आणि मी शेजारी माझे दिवसभराचे आलेख लावत बसायची. कधी जिन्याच्या वरच्या खिडकीवर पाऊस वाजायचा आणि तो काम थांबवून म्हणायचा, "ऐक, हा पण डावीकडून येतोय." तुम्हीचं तू कधी झालं ते दोघांनाही कळलं नाही.

या अल्बमची कॅसेट त्याच्या मोठ्या भावाकडे होती. भावाच्या गैरहजेरीत चोरून ऐकायचा आणि टेप होती तशी गुंडाळून ठेवायची, असं त्याचं सगळं बालपण. "मी या कामात आलो ते याच्यासाठी," तो म्हणाला. "एक दिवस हा माझ्या हातून जावा. नीट जावा. बाकीचं सगळं आतापर्यंत सराव होता." बँडमधले ड्रमवाले काका पुढच्या आठवड्यात येऊन ऐकणार होते. ते हो म्हणाले की नव्याने उतरवलेला अल्बम जगभर जाणार होता.

घरी आईने विचारलं, "करतो काय मुलगा?"

"टेपा भाजतो."

आईने शिवणयंत्राचं चाक हाताने थांबवलं. "आणि खातो काय?"

"आई, तसा काही विषय नाहीये."

"विषय नसेल तर बरं. विषय नसताना तू दोनदा आरशात बघून गेलीस एवढंच." आणि चाक पुन्हा फिरायला लागलं.

—

ज्या संध्याकाळी त्याचं काम पुरं झालं, त्या संध्याकाळी त्याने मला हेडफोन दिला. "आता स्पीकर नको. अगदी जवळून ऐक. तू पहिली."

तू पहिली — हे शब्द कानात घेऊनच मी हेडफोन चढवला. खोली आली, श्वास आला, लाकूड आलं, डोंगर उभा राहिला. आणि डाव्या कानात काहीतरी टोचलं.

झांज. पहिल्या दिवशी उजेडासारखी पसरणारी ती झांज आता पत्र्यासारखी कापत होती. मला वाटलं, मला काय कळतंय मेटलमधलं? असंच हवं असेल. किंवा माझाच कान आज बरा नसेल. तो चहा करायला उठला तेव्हा मी हेडफोन काढला आणि परत घालताना उलटा घातला. डावा उजवीकडे, उजवा डावीकडे. नवशिक्यांची चूक. तर आता टोचायला लागलं ते उजव्या कानात.

म्हणजे माझा कान ठीक होता. टोचणं गाण्यात होतं. आणि गाण्यात ते कसं आलं, हे माझ्या धंद्यातल्या माणसाला कळायला वेळ लागत नाही. सर्दी झालेला स्वयंपाकी चव लागत नाही म्हणून मीठ घालत जातो... तसा हा डावीकडे उजेड घालत गेला होता. त्याला तो कमी वाटत होता म्हणून. त्याचा डावा कान...

तो चहा घेऊन आला. माझ्यासमोर गुडघ्यांवर बसला, आणि त्याच्या डोळ्यांत शाळेतला तो चोरून ऐकणारा मुलगा होता. "कसं झालंय?"

जिभेला हाड नसलेली मी. रोज लोकांना तोंडावर सांगणारी मी.

"छान," मी म्हणाले.

—

दोन दिवस मला अन्न गोड लागलं नाही. सांगावं तर त्याच्या आयुष्याचं काम त्याच्याच कानाने बिघडवलंय हे सांगायचं, आणि सांगणारी मी. न सांगावं तर ते तसंच जगभर जाणार, आणि लोक म्हणणार, कुणी केलंय हे? पहिल्यात मी त्याला गमावणार होते. दुसऱ्यात तो स्वतःला. असं स्वतःलाच सांगून झाल्यावर उरलं काय? मी जिने उतरले.

"मी खोटं बोलले," दारातूनच म्हणाले. बसले असते तर बोलले नसते.

"कशाबद्दल?"

"हेडफोन लाव. तुझंच काम लाव." त्याने लावलं. "आता उलटा घाल."

"उलटा?"

"घाल तर."

त्याने उलटा घातला. जी झांज रोज डाव्या कानात जायची, ती आज पहिल्यांदा त्याच्या उजव्या, चांगल्या कानात गेली. मी त्याच्या चेहऱ्याकडे बघत होते. आधी कपाळाला आठी, मग ती आठी गेली, मग चेहऱ्यावरचं सगळंच गेलं. त्याने हेडफोन काढला आणि मांडीवर ठेवला.

"तपास," तो म्हणाला.

वर मी दिवे लावले. तो त्या छोट्या खोलीत बसला, काचेपलीकडे, हातात बटण घेऊन. उजव्या कानाचा एकही सूर चुकला नाही. इतके बारीक सूर त्याने पकडले की मला दुसऱ्या कुणाच्या बाबतीत कौतुक वाटलं असतं. मग डावा. जाड सूर ठीक. मधले ठीक. वर चढत गेले आणि एका ठिकाणी तो थांबला.

मी आवाज वाढवला. तो वाट बघत होता. आणखी वाढवला. डोळे मिटलेले, अंगठा बटणावर तयार, मान किंचित वाकवलेली. सूर त्याच्या कानात वाजत होता, यंत्रावरचा दिवा मला दिसत होता, आणि तो शांतपणे, विश्वासाने, तो सूर यायची वाट बघत बसला होता.

मी या माणसाच्या प्रेमात पडलेय, हे मला तिथे कळलं. लोकांना हे बागेत कळतं, समुद्रावर कळतं. मला यंत्रासमोर कळलं, बोट बटणावर असताना.

"कॉलेजात बँडमध्ये होतो," आलेखाकडे बघत तो म्हणाला. "ड्रमच्या शेजारी उभा राहायचो. झांज इथे असायची, कानाशी." त्याने हात डाव्या कानापर्यंत नेला आणि परत आणला. "मला वाटत होतं, टेपच तिथे मंद आहे. हे... परत येतं का?"

"नाही. जे गेलं ते गेलं. उरलंय ते सांभाळता येईल."

"आणि तुला परवाच कळलं होतं."

"हो."

"तरी छान म्हणालीस." आवाज चढलेला नव्हता. चढला असता तर बरं झालं असतं. "कानाचं मी बघेन ग काहीतरी. पण मी तुला विचारलं होतं... दुसऱ्या कुणाला मी विचारलंच नसतं."

तो जिना उतरून गेला. खालचं दार लागल्याचं वरपर्यंत ऐकू आलं.

—

त्यानंतर तळघर गप्प झालं. संध्याकाळीसुद्धा स्पीकर नाहीत. भिंतीला हात लावला तर ती नुसती भिंत. माझ्या तपासण्या अगदी पुस्तकात असतात तशा स्वच्छ निघत होत्या, तरी मी प्रत्येकावर खेकसायला लागले. ते आजोबा कानाचं यंत्र बसवून घ्यायला आले, तर खुर्चीत बसल्या बसल्या म्हणाले, "आज ढोल नाही?" मावशी माझ्याकडे बघून खोकल्या.

काका येणार त्याच्या आदल्या दिवशी मीच खाली गेले. मान गेला तर गेला. तो अंधारात बसला होता, फक्त यंत्रांचे हिरवे दिवे चालू.

"पुसलं सगळं," माझ्याकडे न बघता तो म्हणाला. "मूळ टेप उतरवली होती तशी आहे. त्यावर आता काही करायला हात धजत नाही. उद्या काकांना सांगतो, दुसऱ्याला द्या."

"का?"

"का म्हणजे? मला ऐकू..."

"चष्मा लागला म्हणून कुणी वाचायचं सोडतं का?" मला राग आला एकदाचा, आणि मला इतकं बरं वाटलं. "मी चुकले. तू विचारलंस तेव्हाच सांगायला हवं होतं. मी घाबरले, कारण... ते नंतर सांगते. आता उठ. बटणांपाशी तू बस, खुर्चीत मी बसते. हात तुझे, डावा कान माझा."

तो बघत राहिला.

"उठतोस की मी ती बटणं फिरवू? मला त्यातलं काही येत नाही. वाटोळं करीन."

तो उठला.

पहिली अडचण भाषेची आली. त्याचे शब्द मला समजत नव्हते, माझे त्याला पुरत नव्हते. "टोचतंय," मी म्हणायची. "किती?" तो विचारायचा. शेवटी आम्ही आमचं माप बनवलं. फार टोचलं तर काटा. थोडं टोचलं तर कुसळ. मऊ झालं तर लोकर.

"आता?"

"काटा."

"आता?"

"कुसळ... अं, हो, कुसळ."

"आता?"

"लोकर. पण फार लोकर झाली. झोप येईल."

"मग काय हवं?"

"लोकर, आणि टोकाला थोडं कुसळ."

तो हसला. कितीतरी दिवसांनी. आणि बटण केसभर मागे घेतलं. झांज उघडली, वर चढली आणि उजेडासारखी सगळ्या खोलीवर पसरली. मी काही बोललेच नाही. माझ्याकडे बघून त्याला कळलं, आणि त्याने हात बटणावरून अलगद उचलला.

—

ड्रमवाले काका आले. माझ्या डोळ्यांसमोर कोण राक्षस होता देव जाणे, प्रत्यक्षात इस्त्रीचा शर्ट घातलेले एक बारकेसे गृहस्थ, हातात छत्री. दोन्ही कानांत यंत्रं. खुर्चीत न बसता त्यांनी दोन्ही यंत्रं काढून खिशात ठेवली, स्पीकरपाशी गेले आणि दोन्ही तळहात स्पीकरच्याच अंगावर टेकवले. "लाव," म्हणाले.

पूर्ण अल्बम त्यांनी तसा उभ्याने ऐकला, हातांनी. किंचाळण्याआधीचा तो आवंढा आला, तसे त्यांचे खांदे हलले.

"तो गेला, त्याला किती वर्षं झाली," यंत्रं परत कानांत घालत ते म्हणाले. गाणाऱ्याबद्दल बोलत होते. "आज माझ्या शेजारी उभा होता." मग डोळे पुसून, व्यवहाराच्या आवाजात, "आणि माझी डावी झांज? ती मला आता कळत नाही रे. कशी आहे?"

मी खाली बघितलं. त्याने "उत्तम आहे" म्हटलं असतं तर कुणालाही काही कळलं नसतं. आणि ज्या माणसासमोर त्याला सगळ्यात जास्त चांगलं दिसायचं होतं, तो माणूस समोर उभा होता.

"मलाही नीट कळत नाही, काका," तो म्हणाला. "डावा कान वरच्या सुरांना गेलाय माझा. पहिल्यांदा मी ती बिघडवलीच होती. ही हिने ऐकून लावलीय. हिला विचारा."

काकांनी माझ्याकडे बघितलं.

"लोकर आहे, काका. टोकाला थोडं कुसळ."

काका हसले, आणि हसता हसता काठी धरल्यासारखी दोन बोटं हवेत आपटली. "तशीच होती. अगदी तशीच होती ती." छत्री उचलून दारापर्यंत गेले आणि तिथून त्याला म्हणाले, "माझे कान गेले तेव्हा मला कुणी सांगितलं नाही. सगळे छान छान म्हणत राहिले. तू नशीबवान आहेस लेका. जाऊ दे आता हा अल्बम जगात."

दार लागलं. खोलीत आम्ही दोघं आणि ते हिरवे दिवे.

"एकदा ऐकूया?" तो म्हणाला. "कामासाठी नाही. नुसतंच."

दोन हेडफोन लावले, एक त्याला, एक मला. जमिनीवर शेजारी शेजारी बसलो, पाठ भिंतीला. शेवटचं गाणं आलं, डोंगर एकदा पूर्ण उभा राहिला आणि थांबला, आणि डावीकडे एकच झांज वाजली, शेवटची.

त्याने लांब श्वास सोडला आणि हेडफोनचा उजवा कान मागे सरकवला. "मला तुला कधीपासून एक..."

मी हात वर केला. "थांब. अजून आहे."

तो थांबला. झांज अजून वाजत होती. त्याच्यासाठी ती संपली होती, माझ्यासाठी नव्हती. ती पातळ होत गेली, मग तिच्यातली थरथर तेवढी राहिली, मग त्या थरथरीच्या कडा... तो माझ्या चेहऱ्याकडे बघत होता, न हलता, जे त्याला ऐकू येत नव्हतं ते तिथे बघत. मला वाटलं, इतकं कुणी माझ्याकडे आजवर बघितलेलं नाही. शेवटी टेपची नुसती सळसळ उरली, आणि मग तीही विझली.

"गेली," मी म्हणाले.

"कशी गेली?"

मी सांगितलं. पितळाचा रंग कसा फिकट होत गेला, मधे एकदा परत आल्यासारखी कशी झाली, आणि अगदी शेवटी, ती खरंच आहे की मला हवी आहे म्हणून ऐकू येतेय, हे कसं कळेना. तो ऐकत होता. डोळे भरले होते आणि ते लपवायचं त्याच्या लक्षात नव्हतं.

"लहानपणापासून ऐकतोय मी हे," तो म्हणाला. "इतक्या शेवटापर्यंत कधी गेलो नव्हतो... मला तू आवडतेस. फार. आणि हा शेवटचा भाग मला कायम तुझ्याकडून हवाय. चालेल?"

मी त्याच्या डाव्या कानावरचा हेडफोन बाजूला केला आणि अगदी जवळ गेले. त्या कानाचा आलेख मला पाठ आहे. म्हणून आवाज खर्जात खाली आणला, जितका खाली येईल तितका, आणि माझं उत्तर त्याला तिथे, त्या पट्टीत दिलं. त्याला सगळं ऐकू आलं.